जलाश्व: मागच्या दाराचं जहाज

साताऱ्यात फौजेबद्दल कुणाला शिकवायची गरज पडत नाही. अपशिंगे मिलिटरी जवळच आहे, सैनिक स्कूल १९६१ पासून गावातच आहे आणि मराठा लाइट इन्फन्ट्रीत कुणीतरी नसलेलं घराणं शोधावं लागतं. नौदल मात्र आपल्याकडे ‘घाटाखालचं’. (वास्तविक १७१३ साली कान्होजी आंग्र्यांची सरखेली, म्हणजे आरमाराचं प्रमुखपद, मान्य केली ती साताऱ्याच्या शाहू महाराजांनीच, पण ते असो.) त्यामुळे पायदळाचा जवान रणगाड्यासकट समुद्रातून किनाऱ्यावर उतरतो तरी कसा, हे विचारलं की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर काहीच येत नाही. ते समजून घ्यायला भारतीय नौदलात सगळ्यात चांगलं उदाहरण म्हणजे आयएनएस जलाश्व.

या जहाजाचा इतिहास तोफांच्या अंगानं वाचायला गेलात तर हाती फारसं लागणार नाही. तो वाचायचा त्याच्या मागच्या दारातून आणि बॉयलर रूममधून. जे काही चांगलं आणि वाईट घडलं त्यातलं बरंचसं या दोन ठिकाणी सापडतं.

आधी जन्मपत्रिका. अमेरिकेत सिएटलला लॉकहीड शिपबिल्डिंगच्या गोदीत ऑगस्ट १९६६ मध्ये कील, म्हणजे जहाजाचा तळाचा कणा, ठेवली, ऑगस्ट १९६८ मध्ये जहाज पाण्यात उतरलं आणि ६ मार्च १९७१ ला ‘यूएसएस ट्रेंटन’ या नावानं अमेरिकन नौदलात दाखल झालं. ऑस्टिन वर्गातल्या बारा जहाजांपैकी हे एक. लांबी सुमारे १७४ मीटर, पूर्ण भारासह वजन साधारण १७ हजार टन. भारताच्या ताब्यात १७ जानेवारी २००७ ला आलं, २२ जून २००७ ला नॉरफोकमध्येच त्यावर तिरंगा चढला आणि सप्टेंबरात ते विशाखापट्टणमला पोचलं. म्हणजे आपल्याकडे आलं तेव्हाच वय छत्तीस वर्षं.

आता मागचं दार. जहाजाच्या मागच्या भागात, पोटात, सुमारे १६८ फूट लांब आणि ५० फूट रुंद असा एक हौद आहे. त्याला वेल डेक म्हणतात. त्याचं मोठं लोखंडी दार मागे उघडतं. जहाज मुद्दाम शेपटाकडून खाली बसवायचं, हौदात समुद्राचं पाणी घ्यायचं आणि आत ठेवलेल्या उतरण-होड्या तरंगू लागल्या की त्या मागच्या मागे बाहेर काढायच्या. या होड्या एलसीएम-८ जातीच्या. एकेक सुमारे ७४ फूट लांब, २१ फूट रुंद, आणि पन्नास टनांच्या वर भार घेणारी. एकेचाळीस टनांचा टी-७२ रणगाडा एकीत एक बसतो.

जलाश्व चार एलसीएम घेतं असं सगळीकडे छापलेलं असतं. चारच का, हे कुणी लिहीत नाही. साधं गणित आहे. दोन होड्या शेजारी-शेजारी म्हणजे ४२ फूट. पन्नासातून राहिले आठ. ते आठ फूट दोन भिंतींच्या कडेला आणि दोन होड्यांच्या मध्ये असे तीन ठिकाणी वाटले जातात, म्हणजे प्रत्येक फट तीन फुटांहून कमी. लांबीत दोन होड्या म्हणजे १४८ फूट, राहिले वीस. एवढ्या जागेत, पाणी हलत असताना, रिकामी असतानाच साठेक टनांची वस्तू आत-बाहेर करायची. म्हणूनच वेल डेकच्या भिंतींना जाड लाकडी फळ्यांचं अस्तर असतं. होडी भिंतीवर आपटणारच हे धरून चाललेलं असतं. फळी फुटली तर बदलता येते, पोलाद चेपलं तर गोदी गाठावी लागते.

टाक्यांत पाणी घेऊन जहाज खाली बसवायचं याला बॅलास्टिंग म्हणतात. त्याचा क्रम असा. पहिल्यांदा जहाजाचा वेग अगदी कमी, आणि दिशा अशी की लाटा पाठीमागून थेट दारात शिरणार नाहीत. मग वेल डेकमधल्या सगळ्या साखळ्या, सुटं सामान, तेलाचे डाग तपासायचे. पाण्यावर तरंगलेलं एक पिंपसुद्धा होडीच्या पंख्यात अडकून सगळा कार्यक्रम बंद पाडतं. त्यानंतर बॅलास्ट कंट्रोलमधून टाक्यांचे व्हॉल्व्ह ठरलेल्या क्रमानं उघडतात. पाणी स्वतःच्या दाबानं आत येतं, त्याला पंप लागत नाही. पाणी बाहेर काढताना मात्र कॉम्प्रेसरची हवा टाक्यांत भरून ते खाली ढकलावं लागतं. दाराच्या उंबऱ्यावर पुरेसं पाणी आलं की होड्या सुटतात. भरलेल्या एलसीएम-८ ला तरंगायलाच साधारण दीड-पावणेदोन मीटर लागतात, त्यावर लाटेच्या हेलकाव्यासाठी वेगळी जागा सोडावी लागते.

इथं चुकतं कुठं? सगळ्यात घातक म्हणजे अर्धी भरलेली टाकी. पूर्ण भरलेल्या टाकीतलं पाणी जागचं हलत नाही आणि रिकाम्या टाकीत हलायला काही नसतं, पण अर्ध्या टाकीतलं पाणी जहाज जिकडे कलेल तिकडेच धावतं आणि कल वाढवतं. त्यात वेल डेक हा स्वतःच उघडा, हलत्या पाण्याचा हौद. म्हणून एकाच वेळी किती टाक्या अर्ध्या अवस्थेत राहतील यावर कडक मर्यादा असते. डावी-उजवी टाकी जोडीनं भरतात, एक बाजू पुढे जाऊ देत नाहीत. दुसरी अडचण पाठीमागच्या लाटेची. ती आत शिरून पुढच्या टोकाला आपटून परत फिरते आणि आतल्या आत पाणी डचमळत राहतं. बाहेरचा समुद्र शांत दिसत असला तरी आत होडी दोन फूट वरखाली होत असते. तिसरी गोष्ट धुराची. चार होड्यांची डिझेल इंजिनं बंदिस्त जागेत सुरू झाली की काही मिनिटांत डोळे चुरचुरतात. एक्झॉस्ट फॅन बंद असेल तर इंजिन सुरू करायची परवानगी मिळत नाही, आणि ते बरोबरच आहे.

भरण्याचा क्रम उलटा असतो. किनाऱ्यावर जे पहिल्यांदा हवं ते सगळ्यात शेवटी चढवायचं. हे वाक्य सोपं वाटतं, पण बंदरात घाईगर्दीत ट्रक आधी आला म्हणून आधी चढवला की समुद्रात तो बाहेर काढायला तीन गाड्या हलवाव्या लागतात, आणि तिथं वळायला जागा नसते.

आपल्या जुन्या मगर वर्गातल्या जहाजांची पद्धत वेगळी होती. आयएनएस मगर १९८७ मध्ये आलं आणि मे २०२३ मध्ये निवृत्त झालं. ते नाकासमोर किनाऱ्याला लागायचं, पुढचं दार उघडून उतार टाकायचं. त्यासाठी किनाऱ्याचा उतार, भरती-ओहोटी, वाळूची पट्टी सगळं जमून यावं लागतं. वाळूचा दांडा आडवा आला तर जहाज अलीकडेच टेकतं, मधल्या खोल पाण्यात गाड्या बुडतात. शत्रूच्या किनाऱ्याला असं जहाज टेकवणं म्हणजे ते त्याच्या हातात देणं. जलाश्व कित्येक किलोमीटर दूर उभं राहून होड्या पाठवतं. दांड्याची अडचण होडीलाही येतेच, लाटेनं ती आडवीही होते, पण अडकते ती होडी. जहाज सुटं राहतं.

ट्रेंटन म्हणून या जहाजानं जे काम केलं त्याचे तीन-चार टप्पे महत्त्वाचे आहेत. ऑक्टोबर १९८३ मध्ये ग्रेनाडावर अमेरिकेनं चढाई केली तेव्हा बेरूतकडे निघालेला मरीन सैनिकांचा ताफा वाटेतच तिकडे वळवला गेला, त्यात ट्रेंटन होतं. १८ एप्रिल १९८८ ला इराणच्या आखातात अमेरिकेची इराणविरुद्ध ‘प्रेइंग मँटिस’ कारवाई झाली. त्यात मेरिल आणि लिंड मॅकॉर्मिक या विनाशिकांबरोबर ट्रेंटन होतं. विनाशिकांनी इराणच्या सासान तेल-फलाटावर तोफा डागल्या, मग ट्रेंटनवरच्या हेलिकॉप्टरांतून मरीन उतरले आणि त्यांनी सुरुंग लावले. त्याच दिवशी अमेरिकेचं एक कोब्रा हेलिकॉप्टर दोन्ही वैमानिकांसह पडलं.

माझ्या मते या जहाजाचा सगळ्यात कसाचा दिवस ५ जानेवारी १९९१. सोमालियात यादवी पेटलेली, मोगादिशूतला अमेरिकन दूतावास वेढ्यात. ट्रेंटन आणि गुआम ही जहाजं ओमानकडून येत होती, अजून खूप दूर होती. थांबायला वेळ नव्हता. मग ट्रेंटनवरून पहाटे दोन सीएच-५३ हेलिकॉप्टरं साठ सैनिक घेऊन उडाली आणि ४६६ सागरी मैल अंतर अंधारात, हवेतल्या हवेत इंधन घेत कापलं. पहिल्या फेरीत काही लोक बाहेर काढले, काही सैनिक दूतावासाच्या रक्षणाला ठेवले. जहाजं जवळ आल्यावर रात्री गुआमवरच्या हेलिकॉप्टरांनी उरलेले काढले. एकूण २८१ माणसं, निरनिराळ्या देशांची, सोव्हिएत राजदूतासकट. नंतर २००६ मध्ये लेबनॉनमधून नागरिक बाहेर काढण्यातही ट्रेंटन होतं. म्हणजे भारताच्या हातात आलं ते माणसं सोडवून आणायची सवय झालेलं जहाज.

खरेदीची किंमत सुमारे ४ कोटी ८४ लाख डॉलर, आणि सोबत सहा यूएच-३एच हेलिकॉप्टरं सुमारे ३ कोटी ९० लाखांना. कॅगनं, म्हणजे सरकारी खर्च तपासणाऱ्या महालेखापालांनी, २००८ च्या अहवालात यावर कडक ताशेरे मारले. जहाज आयुष्याच्या शेवटाला आलेलं, निर्णय घाईचा, शिवाय चढाईसाठी वापरण्यावर बंधनं आणि अमेरिकेला तपासणीचा हक्क. ताशेरे चुकीचे नव्हते. तपासणीची अट तर कुणालाही खुपेल अशीच होती. पण हिशोबाची दुसरी बाजूही आहे. वेल डेक असलेलं जहाज आपल्याकडे त्याआधी एकही नव्हतं. बॅलास्ट कसं घ्यायचं, लाटेत होडी आत कशी ओढायची, भरण्याचा आराखडा कसा करायचा, हे पुस्तकातून येत नाही. तिरुवनंतपुरमच्या ९१ पायदळ ब्रिगेडला सरावासाठी खरंखुरं जहाज हवं होतं. नवं बांधायला दहा वर्षं लागली असती. आणि पुढचा अनुभव बघा: चार नवी एलपीडी, म्हणजे जलाश्वसारखीच वेल डेकची जहाजं, बांधायची निविदा वर्षानुवर्षं रेंगाळली आणि शेवटी रद्द झाली. हे जहाज घेतलं नसतं तर आजही हात रिकामेच असते.

वाईट पान २ फेब्रुवारी २००८ चं. जहाज येऊन पाच महिने झाले नव्हते, तेवढ्यात हायड्रोजन सल्फाइड वायूनं पाच नौसैनिकांचा जीव घेतला. यावर थोडं थांबून लिहितो, कारण हाच वायू सातारा-सांगली पट्ट्यातही माणसं मारतो. साखर कारखान्याच्या आसवनीची स्पेंट वॉशची टाकी, गोबरगॅसचा खड्डा, गटाराचं चेंबर, सगळीकडे तोच.

तो तयार होतो कसा? मैला किंवा कुठलाही सेंद्रिय गाळ हवेशिवाय साचून राहिला की जिवाणू त्यातल्या सल्फेटपासून हा वायू बनवतात. समुद्राच्या पाण्यात सल्फेट मुबलक, त्यामुळे जहाजाच्या साचलेल्या टाक्या आणि नळ ही त्याची आवडती जागा. पाइप किंवा व्हॉल्व्ह उघडला की तो एकदम सुटतो. हवेपेक्षा थोडा जड, म्हणून तळाशी बसतो. सुरुवातीला सडक्या अंड्याचा वास येतो, पण प्रमाण १०० पीपीएमच्या, म्हणजे हवेच्या दहा लाख भागांत शंभर भागांच्या, आसपास गेलं की नाक बधिर होतं. वास गेला म्हणजे वायू गेला असं समजून माणूस पुढे जातो आणि तिथंच कोसळतो. ५०० च्या वर गेलं की काही मिनिटांत शुद्ध हरपते. त्याला काढायला दुसरा उतरतो, तोही पडतो. अशा अपघातांत बळींची संख्या एकावर थांबत नाही ती यामुळेच.

बंद टाकीत उतरायचं असेल तर क्रम हा:

टाकीकडे येणारे सगळे व्हॉल्व्ह बंद करून त्यांना कुलूप आणि चिठ्ठी लावायची. दोन्ही झाकणं उघडायची, एकातून पंख्यानं हवा ढकलायची, दुसरीतून निघू द्यायची. मग मापकाची नळी दोरीनं आत सोडून वर, मध्ये आणि तळाशी अशी तीन मापं घ्यायची. ऑक्सिजन साधारण २०.९ टक्के, हायड्रोजन सल्फाइड शून्याच्या जवळ, जळणारा वायू नाही, हे तिन्ही बसलं तरच कागदावर सही. माणूस आत गेल्यावर पंखा बंद करायचा नाही. गाळ ढवळला की नवा वायू सुटतो, म्हणून मापक अंगावरच ठेवायचा. झाकणापाशी एक माणूस कायम उभा, त्याचं काम फक्त बघणं आणि हाक मारणं. आतला पडला तरी त्यानं आत उडी घ्यायची नाही. हवेची नळकांडी पाठीवर असलेला माणूसच उतरणार. तोंडावर बांधलेला रुमाल किंवा साधा फिल्टर मास्क इथं काहीही उपयोगाचा नाही.

आता बॉयलर, म्हणजे आपल्या भागातल्या लोकांना लगेच कळणारा विषय. जलाश्व वाफेवर चालतं. दोन फॉस्टर व्हीलर बॉयलर, दाब ६०० पीएसआय म्हणजे सुमारे ४२ किलो प्रति चौरस सेंटीमीटर, वाफेचं तापमान ४६७ अंश सेल्सिअस. त्यावर दोन टर्बाइन, दोन पंखे, २४ हजार अश्वशक्ती, वेग २१ नॉट. कारखान्यातला बॉयलर अटेंडंट हा आकडा ऐकून हसेल. को-जनरेशनचे बॉयलर आता ६७, ८७, ११० किलोवर चालतात. ४२ म्हणजे जुन्या कारखान्याचा दाब. पण कारखान्याचा हंगाम संपतो, पावसाळ्यात नळ्या उघडून बघता येतात. जहाजाला ऑफ-सीझन नाही. रिफिट, म्हणजे गोदीतली मोठी दुरुस्ती, मिळेल तेव्हा मिळेल.

शत्रू दोन्हीकडे एकच, फीड वॉटरमधली, म्हणजे बॉयलरला जाणाऱ्या पाण्यातली, भेसळ. कारखान्यात कंडेन्सेटमध्ये, म्हणजे वाफ थंड होऊन झालेल्या पाण्यात, साखर आली का हे अल्फा नॅफ्थॉलनं बघतात, जांभळं कडं दिसलं की ते पाणी बॉयलरला जाऊ द्यायचं नाही. जहाजावर भीती मिठाची. कंडेन्सरमध्ये नळ्यांच्या आतून समुद्राचं पाणी वाहतं आणि बाहेर वाफेचं पाणी होतं. एक नळी जरी झिरपली तरी मीठ फीड वॉटरमध्ये येतं. नमुन्यात सिल्व्हर नायट्रेटचे थेंब टाकायचे. पाणी स्वच्छ राहिलं तर ठीक, दुधी झाक आली तर कंडेन्सर गळतोय. दुर्लक्ष केलं तर बॉयलरच्या नळ्यांत खवले धरतात, नळी आतून थंड होत नाही, लाल होते, फुगते आणि फुटते. झिरपणारी नळी सापडली की दोन्ही टोकांना बूच मारतात. बुचं वाढत गेली की कंडेन्सरचं व्हॅक्यूम घसरतं आणि वेगही.

वाफेचं दुसरं दुखणं वेळेचं. थंड बॉयलरवरून निघायचं तर काही तास आधी आग लावावी लागते. घाई केली तर विटांचं अस्तर तडकतं. डिझेलचं जहाज तेवढ्यात बंदराबाहेर पडलेलं असतं. आणि माणसं जास्त लागतात. अमेरिकन नोंदीत या वर्गाच्या एका जहाजावरचे खलाशी चारशेच्या वर आहेत.

भारतात आल्यावर २०११ मध्ये लिबियातल्या यादवीच्या वेळी जलाश्व, म्हैसूर आणि आदित्य या जहाजांना तिकडे पाठवलं, जरी बहुसंख्य लोक विमानांनी परतले. नोव्हेंबर २०१९ मध्ये विशाखापट्टणम आणि काकीनाडाला अमेरिकेबरोबर ‘टायगर ट्रायम्फ’ सराव झाला. तिन्ही दलं, एलसीएम, किनाऱ्यावर उतरणं. खरेदीच्या वेळी जे शिकायचं म्हटलं होतं त्याची ती परीक्षाच होती.

पण लोकांच्या लक्षात राहिलं ते २०२०. कोविडमध्ये विमानं बंद होती, तेव्हा ‘समुद्र सेतू’ मोहिमेत जलाश्वनं ८ मे रोजी मालेहून ६९८ भारतीय उचलले आणि १० तारखेला कोचीला आणले. नंतर पुन्हा मालेहून ५८८, कोलंबोहून ६८५, तिसऱ्यांदा मालेहून ७००, आणि इराणच्या बंदर अब्बासहून ६८७, हे शेवटचे तिन्ही तुतिकोरिनला. बेरीज करा, ३,३५८. संपूर्ण मोहिमेत चार जहाजांनी मिळून ३,९९२ माणसं आणली. शंभरातली चौऱ्याऐंशी या एकट्या म्हाताऱ्यानं.

आकडे सातशेला का अडतात? जहाज हजारभर सैनिक नेऊ शकतं, पण अंतर ठेवायचं तर प्रत्येक बंक भरता येत नाही. प्रवाशांचे आणि खलाशांचे मार्ग वेगळे, जेवणाच्या वेळा वेगळ्या, शौचालयं वेगळी. पाण्याची मोजणी तर आणखी अवघड. वाफेच्या जहाजावर गोडं पाणी समुद्राचं पाणी उकळून बनवतात आणि त्यावर पहिला हक्क बॉयलरचा असतो. सातशे पाहुण्यांच्या आंघोळी त्यानंतर. मे २०२१ मध्ये हेच जहाज ब्रुनेई आणि सिंगापूरहून ऑक्सिजनच्या १८ क्रायोजेनिक टाक्या घेऊन विशाखापट्टणमला आलं. रणगाडे पेलणाऱ्या डेकला या टाक्यांचं वजन जड नव्हतं. काम होतं ते साखळ्यांनी घट्ट बांधण्याचं.

सोबत आलेली यूएच-३एच हेलिकॉप्टरं मार्च २००९ पासून विशाखापट्टणमच्या डेगा तळावर ३५० क्रमांकाच्या स्क्वाड्रनमध्ये होती. जून २०२४ मध्ये ती निवृत्त झाली. जहाज अजून चालू आहे. अमेरिकेतलं या वर्गातलं शेवटचं पॉन्स २०१७ मध्येच गेलं, त्यामुळे सुटे भाग भंगारातल्या भावंडांकडून तरी किती मिळणार? बऱ्याच गोष्टी इथंच ओतून, घडवून घ्याव्या लागतात. वाफ जाणणारी माणसंही कमी होत चाललीत. वाफेवरचं विमानवाहू जहाज विराट गेलं. ब्रह्मपुत्र वर्गातल्या आयएनएस बियासचं वाफेचं इंजिन काढून डिझेल बसवायचं कंत्राट २०२३ मध्ये कोचीन शिपयार्डला दिलं गेलं. जलाश्वचं असं काही करावं असं मला वाटत नाही. पन्नाशी उलटलेल्या सांगाड्यात नवं इंजिन बसवायचे पैसे नव्या जहाजाच्या पहिल्या प्लेटवर घालावेत. तोवर या दोन बॉयलरांच्या नळ्या, आणि त्या फीड वॉटरच्या नमुन्यातले सिल्व्हर नायट्रेटचे थेंब, रोज बघत राहावे लागणार.